पाण्यावर न्यायचा पिक्चर

जयगडला मोबाईल दुरुस्तीचं दुकान म्हणजे निम्मं काम खाऱ्या हवेचं. चार्जिंगच्या खाचेत हिरवट गंज चढलेला, स्पीकरच्या जाळीत मिठाची खपली धरलेली. ब्रशने साफ करून, वाळवून फोन परत द्यायचा. उरलेल्या कामात एक मागणी वर्षानुवर्षं ठरलेली आहे. बर्फ चढला, डिझेल भरलं, किराणा आला, की नौका सुटायच्या आधी एखादा खलाशी मेमरी कार्ड नाहीतर पेन ड्राइव्ह घेऊन काउंटरशी उभा राहतो. "पिक्चर भरून दे." कुठला, ते सांगायची गरज नसते. साउथचा हवा, मारामारीचा हवा, आणि हिंदीत हवा.

हे काम मी घेत नाही. त्यात साधुपणा काही नाही. मुंबईत लॅमिंग्टन रोडला काम शिकत होतो तेव्हा आसपासच्या सीडीवाल्यांवर छापे पडताना पाहिलेत. मालक त्या वेळी नेमका जेवायला गेलेला असायचा आणि गाडीत बसायचा तो काउंटरवरचा पोरगा. इथे माझ्या दुकानात मालकही मीच आणि काउंटरवरचा पोरगाही मीच.

पण मी नाही म्हटल्याने कुणाचा पिक्चर अडत नाही. माणूस दुसरीकडून फाइल आणतो, नाहीतर टेलिग्रामवर कुणी पाठवलेलं ॲप टाकतो, आणि थोड्या दिवसांनी तोच फोन "गरम होतोय, बघ जरा" म्हणून माझ्याकडेच येतो. असे फोन उघडून उघडून जे कळलं ते इथे लिहितो आहे. पुढे सरळ मार्गाने डब सिनेमा कसा बघायचा, तेही सांगतो. रेंज नसलेल्या पाण्यावर कसा बघायचा, हे जास्त तपशिलात, कारण ते कुणी सांगत नाही.

आधी एक गोष्ट मान्य करू. गरज खरी आहे. आमच्याकडच्या नौकांवर नेपाळचे खलाशी आहेत, कर्नाटकचे आहेत, उत्तर प्रदेशचे आहेत. वर बंदर आहे, वीज प्रकल्प आहे, तिथे ओडिशा-बिहारपासून तामिळनाडूपर्यंतची माणसं. एका नौकेवर सहा जणांच्या चार मातृभाषा असतात. सगळ्यांना मिळून बघता येईल असा करमणुकीचा एकच प्रकार उरतो, तो म्हणजे हिंदीत डब केलेला तेलुगू किंवा कन्नड सिनेमा. हे वेड टीव्हीने लावलं. नागार्जुनचा 2004 सालचा 'मास' पुढे 'मेरी जंग: वन मॅन आर्मी' या नावाने हिंदीत आला आणि असले सिनेमे दुपारच्या वाहिन्यांवर धो धो चालतात, हे व्यापाऱ्यांच्या ध्यानात आलं. तेव्हाचं डबिंग ऐकून हसू यायचं. आता तसं राहिलेलं नाही. 'बाहुबली'त प्रभासला हिंदी आवाज शरद केळकरांचा आहे आणि 'पुष्पा'त अल्लू अर्जुनला श्रेयस तळपदेचा. आपल्या मराठी नटाने बोललेली वाक्यं देशभर पोरांच्या तोंडी बसली. तो सगळा रंग चोरीच्या प्रिंटमध्ये कसा धुऊन निघतो, ते पुढे येईलच.

दुसरं, फुकट बघायची सवय फोनबरोबर आलेली नाही. गणपतीत आणि शिमग्याला गावात व्हिडिओ लावायचे, त्या पिढीचा मीही. भाड्याचा टीव्ही, भाड्याचा व्हीसीआर, रात्रभरात तीन कॅसेट, अंगणात गोणपाटं टाकून सगळी वाडी. त्या कॅसेटी कुठून आल्या, हे कुणी विचारलं नाही. पुढे केबल आली, मग सीडी, मग मेमरी कार्ड. 2016च्या एप्रिलअखेर 'सैराट' लागला तेव्हा मे महिन्याच्या सुटीला आलेले चाकरमानी गावात होते. सेन्सॉरसाठी दिलेली प्रत फुटली आणि ब्लूटूथवरून फोनाफोनांत पोचली. आमच्याकडून थिएटर गाठायचं तर रत्नागिरीपर्यंत पन्नासेक किलोमीटर, येताना शेवटची एसटी चुकली की पंचाईत. त्यामुळे जयगडचा माणूस चोर आहे, असं मी म्हणणार नाही. जयगडला थिएटर नाही, इतकंच म्हणेन.

आता माझ्याकडे आलेला असाच एक फोन. आमच्या ओळखीतले एक वयस्कर तांडेल, म्हणजे नौकेचे प्रमुख, आहेत, मी त्यांना चाचा म्हणतो. मासळीच्या लिलावाचे पैसे त्यांच्या खात्यात येतात आणि खात्याला जोडलेला फोनही त्यांचाच. नौकेवर तोच फोन मोठ्या स्क्रीनचा म्हणून पिक्चरही त्याच्यावरच. पुतण्याने त्यात एक ॲप टाकलं होतं, नवे सिनेमे हिंदीत फुकट दाखवणारं. ते प्ले स्टोअरवर नव्हतं. एका ग्रुपवर एपीके फाइल आली होती. चाचा दुकानात आले ते बॅटरीची तक्रार घेऊन.

"रातभर चार्जिंगला लावतो, नि सकाळी नऊला बोंब. बॅटरी बदलून टाक."

बॅटरी ठीक होती. सेटिंगमध्ये ॲप्सची यादी काढली, तर त्यात एक नोंद अशी दिसली की जिला नाव नाही आणि चित्रही नाही, नुसती पांढरी चौकट. उघडून पाहिलं तर एसएमएस वाचायची परवानगी दिलेली, कॉलची दिलेली, दुसऱ्या ॲप्सच्या वर पडदा टाकायचीही दिलेली. अपंगांच्या सोयीसाठी जी 'ॲक्सेसिबिलिटी' नावाची सेवा असते, तीही चालू. ती हातात आली की ते ॲप आपल्या बोटाशिवाय स्क्रीनवर बटणं दाबू शकतं आणि आपण काय टाइप करतो ते वाचू शकतं. मी चाचांना विचारलं, बँकेचे मेसेज येतात का? ते म्हणाले, "हल्ली येतच नाहीत, बँकेने बंद केले असतील." बँकेने बंद केले नव्हते. मेसेज येत होते आणि ते ॲप ते परस्पर गिळत होतं. स्टार, हॅश, एकवीस, हॅश डायल करून पाहिलं तर कॉलसुद्धा तिसऱ्याच नंबरकडे वळवलेले. पासबुक भरून आणलं तेव्हा कळलं की दोन हप्त्यांत बरीच रक्कम गेली आहे. एवढं होऊनही पिक्चर मात्र नीट चालत होता. चाचांना सगळ्यात जास्त राग त्याचाच आला.

असं तुमच्या फोनात दिसलं तर काय करायचं, ते क्रमाने सांगतो, कारण इथे क्रमाला किंमत आहे. आधी विमान मोड. दुसऱ्याच्या फोनवरून बँकेला कळवून खातं, कार्ड, यूपीआय थांबवायचं. लगोलग 1930 हा सायबर फसवणुकीचा राष्ट्रीय क्रमांक लावायचा. पैसे एका खात्यातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात पळत असतात. तक्रार लवकर गेली तर वाटेत कुठल्या तरी खात्यात ते गोठवता येतात. चाचांची थोडी रक्कम अशीच अडकवून ठेवता आली, बाकीची तोवर निघून गेली होती. रिझर्व्ह बँकेचा 2017चा नियम आहे की कळवल्यानंतर जे जाईल त्याची जबाबदारी बँकेवर, पण आपल्या हलगर्जीपणाने कळवण्याआधी गेलेलं आपल्याच अंगावर. म्हणून बँकेकडून तक्रारीचा क्रमांक आणि वेळ लिहून घ्यायची. फोन साफ करायची घाई करू नका. त्या ॲपचे, परवानग्यांच्या पानाचे फोटो दुसऱ्या फोनने काढून ठेवा, पोलिसांना लागतात. मग फोन सेफ मोडमध्ये सुरू करून, ॲपचे ॲडमिन अधिकार काढून, ते उडवायचं आणि शेवटी फॅक्टरी रीसेट. शून्य शून्य दोनचा कोड, म्हणजे हॅश हॅश 002 हॅश, डायल केला की वळवलेले कॉल सुटतात.

लोक मला विचारतात, ह्या फुकट दाखवणाऱ्यांना मिळतं काय? दानधर्म तर कुणी करत नाही. एक उत्पन्न वर सांगितलं तेच. दुसरं सट्ट्याचं. थिएटरमध्ये चोरून काढलेल्या प्रिंटवर कोपऱ्यात परदेशी सट्टेबाजीच्या ॲपचं नाव नाचत असतं, मध्येच सिनेमा थांबून त्याची जाहिरात येते, कधी कधी तर हिरोच्या संवादात ती डब करून घुसवलेली असते. केंद्राने 2025च्या ऑगस्टमध्ये पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर कायद्याने बंदी आणली. पण चोरीच्या पिक्चरवाल्याला अशा बंदीचं काय सोयरसुतक? नव्या तेलुगू सिनेमांची चोरी करणाऱ्या एका मोठ्या साइटच्या चालकाला त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये हैदराबाद पोलिसांनी धरलं, तेव्हा सट्ट्याच्या ॲप्सशी असलेलं हे साटंलोटं पुन्हा बाहेर आलं. नौकेवर पाच-सहा जण, हातात आगाऊ उचल मिळालेली, करायला काही नाही आणि दर वीस मिनिटांनी स्क्रीनवर सट्ट्याचं आमंत्रण. पिक्चरपेक्षा ह्यात गेलेली पोरं मी जास्त पाहिली आहेत.

आणि माल तरी काय असतो? थिएटरात मांडीवर ठेवलेल्या कॅमेऱ्याने काढलेलं चित्र, पुढच्या रांगेतल्या माणसाचं डोकं आणि त्याच्यावर दुसऱ्याच थिएटरात टिपलेला हिंदी आवाज चिकटवलेला. ओठ पुढे, संवाद मागे. यूट्यूबवर चोरून चढवलेला सिनेमा तर लगेच ओळखू येतो. यंत्राने पकडू नये म्हणून चित्र उलटं केलेलं असतं. हिरो डावखुरा होतो, दुकानाच्या पाट्यांवरची अक्षरं आरशातल्यासारखी दिसतात, आवाज किंचित भरभर जातो. तळपदेने घसा खरवडून कमावलेला आवाज असा मांजरासारखा ऐकायचा, तर न बघितलेलं बरं.

कायद्याचं लोकांना दोन्ही टोकांनी चुकीचं माहीत आहे. कुणाला वाटतं बघितलं तरी तुरुंग, कुणाला वाटतं काहीच होत नाही. 2016 साली 'ढिशूम' सिनेमाच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयात न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी हे स्वच्छ केलं होतं की नुसतं बघणं हा गुन्हा नाही. विनापरवाना वाटप करणं, जाहीर दाखवणं, विकायला किंवा भाड्याने देणं, हा गुन्हा. म्हणजे खलाशी एकटा बघत बसला तर पोलीस त्याच्या मागे नाहीत. पण त्याने ती फाइल ग्रुपवर टाकली, किंवा माझ्यासारख्याने वीस रुपये घेऊन कार्डात भरून दिली, की वाटप झालं. 1957च्या कॉपीराइट कायद्यात त्याला सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख दंड आहे. 2023 साली सिनेमॅटोग्राफ कायदा बदलला. आता थिएटरात चोरून चित्रण करणं आणि ते पसरवणं याला किमान तीन महिने कैद आणि तीन लाख दंड. कैद तीन वर्षांपर्यंत जाऊ शकते आणि दंड सिनेमाच्या एकूण निर्मितिखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत. सरकारने तेव्हा उद्योगाचं नुकसान वर्षाला वीस हजार कोटींचं सांगितलं होतं. आपल्या महाराष्ट्रात तर एमपीडीए हा स्थानबद्धतेचा कायदा आहे, त्याच्या लांबलचक नावात झोपडपट्टीदादा आणि हातभट्टीवाल्यांच्या पंक्तीला 'दृकश्राव्य कलाकृतींचे विनापरवाना प्रदर्शन करणाऱ्या व्यक्ती' बसवल्या आहेत. मेमरी कार्ड भरून देणाऱ्या पोरांना मी हे नाव मोठ्याने वाचून दाखवतो. हातभट्टीवाल्याशेजारी बसायला कुणी तयार नसतं.

हे सगळं मुंबई-दिल्लीपुरतं आहे, असंही समजू नका. 'छावा' 14 फेब्रुवारी 2025ला लागला. संगमेश्वरला संभाजी महाराज पकडले गेल्याच्या प्रसंगामुळे आमच्याकडे त्याची ओढ वेगळीच होती. तिथे कसब्यावरून येणारी शास्त्री नदी इथे जयगडच्या किल्ल्याखाली समुद्राला मिळते. दोन-तीन दिवसांत फोनाफोनांत प्रिंट आली. निर्मात्यांनी नेमलेल्या संस्थेने मुंबईत सायबर पोलिसांकडे तक्रार दिली, त्यात बेकायदा लिंक होत्या 1818. मार्चमध्ये अटक झाली ती दौंडच्या एका तरुणाला. ॲप तयार करून त्यावर सिनेमा ठेवल्याचा त्याच्यावर आरोप. परदेशातला कुणी मोठा टोळीवाला नाही, दौंडचा पोरगा. आणि 'छावा' 11 एप्रिलला नेटफ्लिक्सवर आलाच. आठ आठवड्यांचा धीर धरायचा होता.

इथे मुद्द्याला हात घालतो. माझ्या गिऱ्हाइकांतले बरेचसे पैसे वाचवायला चोरीकडे जात नाहीत. महिन्याला तीनशेचं रिचार्ज मारणारा माणूस दीडशेला मागे हटत नाही. त्याला हवा तो सिनेमा, हव्या त्या भाषेत, सापडत नाही, हे खरं कारण. त्याने एका ॲपचे पैसे भरलेले असतात, त्यात सिनेमा दिसतोही, पण हिंदी नाही. मग तो म्हणतो, "पैसे घेऊन फसवतात, त्यापेक्षा फुकटवाला बरा." त्याला कुणी हे सांगितलेलं नसतं की ह्या धंद्यात एकाच सिनेमाचे हक्क भाषेप्रमाणे वेगवेगळे विकले जातात.

'आरआरआर' घ्या. 2022च्या मे महिन्यात तेलुगू आणि दक्षिणेच्या इतर भाषांत तो झी फाइव्हवर आला, आणि हिंदी नेटफ्लिक्सवर. 'कांतारा' त्याच वर्षी नोव्हेंबरात प्राइम व्हिडिओवर कन्नडमध्ये दिसू लागला आणि हिंदीवाल्यांना डिसेंबरात नेटफ्लिक्सवर मिळाला. त्यातल्या भूतकोलाचं, म्हणजे दैवत अंगात येण्याच्या विधीचं, आमच्या लोकांना फार अप्रूप, गावऱ्हाटीतला माणूस तो सिनेमा बघताना गप्प बसतो. पुढचा 'कांतारा' 2 ऑक्टोबर 2025ला लागला, कन्नडसह दक्षिणी भाषांत महिन्याभरातच प्राइमवर आला आणि हिंदीला नोव्हेंबरअखेर उजाडली. ह्यात कुणाचा खोडसाळपणा नाही. देशभरच्या मोठ्या मल्टिप्लेक्स साखळ्या हिंदी सिनेमा लावायचा तर घरी यायच्या आधी आठ आठवड्यांचं अंतर मागतात, दक्षिणेत ते चारेक आठवड्यांवर आहे. मधले ते चार आठवडे हा चोरांचा सुगीचा हंगाम. मूळ भाषेची लखलखीत प्रत त्यांच्या हाती आलेली असते आणि वरून थिएटरमधला हिंदी आवाज चिकटवला की काम झालं.

हे कळलं की निम्मी शोधाशोध संपते. गूगलवर सिनेमाचं नाव टाकून 'कुठे पाहावा' हे बघायचं आणि मग त्या ॲपमध्ये जाऊन भाषा तपासायची, पैसे त्यानंतर. आणखी एक साधी गोष्ट, जिच्यासाठी लोक दुकानात येतात. सिनेमा तेलुगूत सुरू झाला म्हणजे हिंदी नाही, असं नसतं. चालू सिनेमावर बोट टेकवलं की संवादाच्या फुग्याचं एक चिन्ह दिसतं, 'ऑडिओ अँड सबटायटल्स' असं लिहिलेलं असतं. तिथे भाषांची यादी निघते. किती तरी जणांना मी हे दाखवलं आणि त्यांनी माझ्याकडे जादूगारासारखं पाहिलं. मात्र प्राइमवर कधी कधी हिंदीची वेगळी नोंद असते, तेव्हा नावापुढे 'हिंदी' लिहून शोधावं.

एक पैसाही घालायचा नसेल तरी चोरीची गरज नाही. यूट्यूबवर गोल्डमाइन्ससारख्या हक्कदार कंपन्यांच्या वाहिन्यांवर हिंदी डब सिनेमे पुरेच्या पुरे आहेत. गोल्डमाइन्सचे सबस्क्रायबर दहा कोटींच्या वर आहेत, तेव्हा नकली वाहिनी ओळखायला फार अक्कल लागत नाही. वर्णनात 'फुल मूव्ही डाउनलोड' म्हणून बाहेरची लिंक दिली असेल तर ती वाहिनी खरी नव्हे. घरी डीडी फ्री डिश असेल तर महिन्याचे पैसेच नाहीत. डब सिनेमांच्या वाहिन्या तिथे असतात, फक्त जागांचा लिलाव होतो त्यामुळे वाहिन्या येतात-जातात, अधूनमधून चॅनेल पुन्हा शोधावे लागतात. मराठीत डब बघायचे असतील तर शेमारू मराठीबाणा ही 2020 साली सुरू झालेली वाहिनी आहे. तिने 2021 साली 'बाहुबली' मराठीत आणला. प्रवीण तरड्यांची देखरेख, कौशल इनामदारांचं संगीत, प्रभासला गश्मीर महाजनीचा आवाज. माझ्या आईला हिंदी जेमतेम कळतं, तिने तो पापड लाटता लाटता बघितला आणि कटप्पावर चिडली. महाराष्ट्राला हिंदी कळतं म्हणून मराठी डबिंगवर खर्च कशाला, असा हिशेब बहुतेक कंपन्या करतात. आमच्या वाडीतल्या बायकांना त्यांनी एकदा विचारून बघावं.

आता पाण्यावरचा मामला. जेटी सोडली की थोड्या वेळात रेंज जाते. चोरीची फाइल तिथे चालते, एका फोनातून सहा फोनांत जाते, महिनोन् महिने राहते. कायदेशीर डाउनलोडला यातलं शेवटचं दोन्ही जमत नाही, हे मी लपवत नाही. तरी जमवता येतं. नेटफ्लिक्सचा 149 रुपयांचा मोबाईल प्लॅन एका वेळी एका फोनवर किंवा टॅबलेटवर चालतो. टॅबलेटवर, हे महत्त्वाचं. नौकेवर सहा जणांनी सहा फोनांत बघण्याऐवजी एक स्वस्तातला टॅब ठेवायचा, त्यात बँकेचं काहीही नाही, सिमही नाही. खर्च वाटून घेतला तर माणशी महिन्याला पंचवीस रुपये पडतात. चाचांच्या नौकेवर आता हेच आहे.

डाउनलोड करताना तीन-चार गोष्टी सांभाळाव्या लागतात. भाषा आधी निवडायची, मग डाउनलोड. उलट केलं की तेलुगू उतरतो आणि वेंगुर्ल्याच्या पुढे गेल्यावर कळतं. दर्जा 'स्टँडर्ड' ठेवायचा, जागा कमी लागते आणि लहान स्क्रीनवर फरक दिसत नाही. प्रत्येक डाउनलोडला मुदत असते, ती सिनेमागणिक बदलते. काही सिनेमे तर एकदा सुरू केले की 48 तासांत मिटतात. म्हणून बंदरातून निघाल्या रात्री सगळे पाच-पाच मिनिटं चाळून बघायचे नाहीत. एक पुरा करायचा, मग दुसरा. आणि सुटायच्या आधी जेटीवर विमान मोड लावून एकदा चालवून बघायचं. चालला तर पाण्यावर चालेल. यूट्यूबवरही बऱ्याच व्हिडिओंखाली डाउनलोडचं बटण असतं, पण बिनपैशाच्या खात्याला ती फाइल 48 तासांत पुन्हा इंटरनेट मागते. एक-दोन रात्रींच्या फेरीला ते पुरतं.

अशा पद्धतीने नौकेवर गेलेला पहिला पिक्चर होता 'तंडेल', नाग चैतन्यचा. श्रीकाकुळमचे मच्छीमार गुजरातच्या पाण्यात काम करताना पाकिस्तानच्या हद्दीत सापडतात, त्या खऱ्या घटनेवर बेतलेला. 7 फेब्रुवारी 2025ला तो लागला आणि काही दिवसांतच आंध्रच्या सरकारी एसटीत त्याची चोरीची प्रत प्रवाशांना दाखवली गेली, निर्मात्याने जाहीर तक्रार केली. बरोबर महिन्याने तो नेटफ्लिक्सवर आला, हिंदीसकट. चाचा सगळा बघून आले. गाणी जास्त आहेत, म्हणाले, पण वादळातलं काम बरं दाखवलंय. नौकेवरच्या एका आंध्रच्या खलाशाने आवाज तेलुगूत लावायचा हट्ट धरला म्हणून दुसऱ्या फेरीला तेलुगू डाउनलोड करून दिला. एकाच पैशात दोन्ही.

गावच्या पूजेला, गणपतीत प्रोजेक्टर लावणाऱ्या मंडळांचं वेगळं सांगायला हवं, कारण इथे प्रामाणिक माणसंही चुकतात. आपल्या नेटफ्लिक्सचे, प्राइमचे पैसे आपण भरलेत, तेव्हा ते अंगणात दोनशे जणांना दाखवलं तर काय बिघडलं? बिघडतं. ती वर्गणी घरच्यांपुरती असते, जाहीर खेळाचे हक्क त्यात नसतात, मग तिकीट लावा किंवा लावू नका. सिनेमा दाखवायचाच तर हक्कदाराकडून किंवा वितरकाकडून लेखी परवानगी घ्यायची. लहान मराठी सिनेमांचे निर्माते पत्र लिहिलं की बऱ्याचदा माफक पैशात देतात, एखादा नट स्वतः येतोही. मोठ्या दक्षिणी सिनेमाच्या मागे लागण्यात अर्थ नाही. मंडळाने त्यापेक्षा दशावतार नाहीतर नमन ठेवावं, असं माझं मत. ते मंडळाला आवडत नाही.

कुणाला चोरीची लिंक दिसली आणि तक्रार करावीशी वाटली, तर 2023च्या नोव्हेंबरपासून माहिती व प्रसारण मंत्रालयाने सेन्सॉर बोर्डात आणि पत्रसूचना कार्यालयात त्यासाठी अधिकारी नेमले आहेत. हक्कदाराची तक्रार आली की 48 तासांत लिंक बंद करवायची, अशी ती योजना. आपल्यासारख्या तिऱ्हाइतालाही तक्रार देता येते, मात्र अधिकारी आधी सुनावणी घेऊ शकतो.

शेवटचं काम ऑटोपेचं. ह्यावरून लोकांचा सरळ मार्गावरचा विश्वास उडतो, म्हणून मी ते स्वतः करून देतो. ॲपचे पैसे यूपीआयने भरले की दर महिन्याला आपोआप कापायची मंजुरी त्यातच दिली जाते. 1 जून ते 31 जुलै मासेमारी बंद. नौका वर ओढलेल्या, खलाशी नेपाळला गेलेले, टॅब चाचांच्या कपाटात, आणि 149 कापले जातायत. मग चाचा दुकानात येऊन विचारतात, की त्या चोरट्या ॲपने खाल्ले ते आणि हे, फरक काय? फरक हा की हे बंद करता येतं. मेच्या शेवटी यूपीआय ॲपमध्ये 'ऑटोपे' किंवा 'मँडेट' उघडायचं, त्या नावापुढे थांबवा म्हणायचं, आणि ॲपमध्ये जाऊनही मेंबरशिप रद्द करायची. भरलेला महिना संपेपर्यंत बघता येतं, पुढचे पैसे जात नाहीत. चाचांच्या टॅबच्या पाठीवर मी मार्करने लिहून ठेवलंय: 'मे 28 बंद, जुलै 30 चालू.' गेल्या खेपेला त्यांनी विचारलं, दोन महिने घरी बसून बघायचं काय? मी म्हटलं, चाचा, घरी फ्री डिश आहे, आणि चाचीला मालिका बघू द्या.